प्लेटलेटच्या पोटातलं सामान: ते ओळखायला शंभर वर्षं का लागली

प्लेटलेट म्हटलं की बहुतेकांच्या डोळ्यांपुढे येतो तो रिपोर्टवरचा आकडा. एका मायक्रोलिटरमागे दीड ते साडेचार लाख, त्याखाली गेला की धाकधूक, वर आला की हुश्श. पण त्या आकड्यावरून फक्त किती आहेत ते कळतं. त्या एवढ्याशा कणात काय भरलंय आणि ते सामान बाहेर सांडलं की शरीरात काय काय होतं ही गोष्ट निराळी, आणि तिचा इतिहास तर अजूनच मजेचा, कारण यातले निम्मेअधिक शोध माणसं भलतंच काहीतरी शोधत असताना लागलेत.

सुरुवात १८६५ ची. माक्स शुल्त्से या जर्मन शास्त्रज्ञाला रक्तात लाल पेशींपेक्षा खूप बारीक, झुपक्याने दिसणारे गोळे दिसले, त्याने त्यांचं वर्णन करून ठेवलं. मग १८७३-७४ च्या सुमारास लंडनमध्ये विल्यम ऑस्लरने एक महत्त्वाचं निरीक्षण केलं, की हे कण रक्तवाहिनीच्या आत सुटे सुटे असतात आणि रक्त बाहेर काढलं की एकमेकांना चिकटतात. फ्रान्समध्ये जॉर्ज हायेमला वाटलं ही लाल पेशींची पिल्लं आहेत, मोठी झाली की लाल होतील. चूक होती, पण त्या काळात बऱ्याच जणांना पटली होती. शेवटी १८८०-८२ मध्ये इटलीत तोरिनोला जूलिओ बित्झोझेरोने गिनीपिगच्या आतड्याच्या पडद्यातल्या जिवंत वाहिन्या सूक्ष्मदर्शकाखाली धरल्या, वाहिनीला इजा केली आणि हे कण तिथे येऊन चिकटताना, थर धरताना प्रत्यक्ष बघितले. हा रक्तातला स्वतंत्र घटक आहे हे त्याने ठासून सांगितलं.

झालं, तिथून पुढे प्लेटलेटला जी ओळख चिकटली ती बरीच वर्षं सुटलीच नाही. भोक पडलं की बूच लावणारी. बुचाच्या आत काय आहे असा प्रश्न कोण विचारणार?

खरं तर आत काहीतरी आहे याचा पुरावा १९०६ मध्येच समोर आला होता. बोस्टनचे जेम्स होमर राइट, ज्यांच्या नावाचा स्टेन अजूनही लॅबमध्ये रक्ताच्या स्लाईडवर टाकतात, त्यांनी या रंगाने बोन मॅरो रंगवून बघितला तर तिथल्या अवाढव्य मेगाकॅरिओसाइट पेशींमध्ये जांभळट-लाल दाणे दिसले, आणि प्लेटलेटमध्येही तसेच्या तसे दाणे. त्यावरून त्यांनी निष्कर्ष काढला की प्लेटलेट म्हणजे या मोठ्या पेशींचे तुटून पडलेले तुकडे, आणि तो बरोबरच निघाला. म्हणजे दाण्यांमुळे प्लेटलेटचं माहेर सापडलं, पण त्या दाण्यांमध्ये काय भरलंय हे कळायला अजून साठ-सत्तर वर्षं जायची होती. साहजिकही आहे म्हणा, अख्खी प्लेटलेट दोन-तीन मायक्रॉनची, तिच्यात केंद्रक नाही, आणि आठ-दहा दिवसांत तिचा कारभार आटोपतो. असल्या तुकड्यात कोण जीव गुंतवणार.

इलेक्ट्रॉन मायक्रोस्कोप आला तेव्हा ते दाणे नीट वेगळे दिसायला लागले. एका प्लेटलेटमध्ये साधारण पन्नास ते ऐंशी अल्फा दाणे, म्हणजे प्रथिनांनी भरलेल्या पिशव्या, आणि मोजके तीन ते आठ दाट दाणे, ज्यात एडीपी, सेरोटोनिन, कॅल्शियम वगैरे लहान रेणू. यातल्या दाट दाण्यांचं महत्त्व आधी कळलं. १९६० च्या आसपास ऑस्लोमधल्या गटाला लाल पेशींच्या अर्कात प्लेटलेट चिकट करणारं काहीतरी सापडलं आणि १९६१ मध्ये ते एडीपी असल्याचं सिद्ध झालं. पुढच्याच वर्षी तिथल्याच क्नुट ग्रेट्टे यांनी थ्रॉम्बिन हे रक्त गोठवणारं एन्झाइम लागलं की प्लेटलेट आपल्या पोटातलं सामान बाहेर टाकते ही क्रिया नीट तपासून मांडली, आणि तेव्हापासून 'रिलीज रिअ‍ॅक्शन' हा शब्द रूढ झाला. पण बाहेर टाकते ते कशासाठी, तर पुढच्या प्लेटलेटना बोलवायला, गुठळी पक्की करायला. थोडक्यात बूच मोठं करायला. मंडळी अजून बुचातच अडकलेली.

कलाटणी मिळाली ती हृदयविकाराच्या अभ्यासात. सिएटलला रसेल रॉस आणि त्यांचे सहकारी धमनीच्या भिंतीतल्या स्नायूपेशी बशीत वाढवत होते, कारण त्यांना कळून घ्यायचं होतं की धमनीत या पेशी भसाभस वाढून ती अरुंद का होते. आता इथे सीरम आणि प्लाझ्मा यातला फरक लक्षात घ्यावा लागतो, जो आपण सगळे शाळेत पाठ करतो आणि विसरतो. रक्त गोठू न देता पेशी काढून टाकल्या की उरतो तो प्लाझ्मा, आणि रक्त आधी गोठू दिलं, मग गुठळी काढून टाकली की वर राहतं ते सीरम. पुस्तकात फरक काय लिहिलेला असतो, तर सीरममध्ये फायब्रिनोजेन, म्हणजे गुठळीचे धागे बनवणारं प्रथिन, नसतं. बास. पण रॉसच्या गटाला दिसलं की सीरम घातलं की पेशी जोमाने वाढतात आणि प्लेटलेटसकट रक्तपेशी आधीच काढून टाकलेल्या प्लाझ्मापासून केलेलं सीरम घातलं तर नुसत्या बसून राहतात. मरत नाहीत पण वाढतही नाहीत. मग त्यांनी प्लेटलेटना थ्रॉम्बिन लावून त्यांनी बाहेर सोडलेला द्रव तेवढा त्या निरुपयोगी सीरममध्ये मिसळला, आणि पेशी वाढायला लागल्या! हे छापून आलं १९७४ मध्ये. त्याच वर्षी कोहलर आणि लिप्टन या जोडीनेही फायब्रोब्लास्ट या जोडऊतीच्या पेशींवर हेच दाखवलं.

मला यातला सगळ्यात भारी भाग हा वाटतो की जगभरातले लोक तोवर कित्येक वर्षं सीरम घालून पेशी वाढवत होते आणि सीरम म्हणजे रक्ताचा नैसर्गिक द्रव असं धरून चालले होते. पण शरीरात वाहतो तो प्लाझ्मा, सीरम नव्हे. सीरम तयार होतं ते जखमेत, जिथे रक्त गोठतं आणि प्लेटलेट रिकाम्या होतात. म्हणजे बशीतल्या त्या सगळ्या पेशींना इतकी वर्षं आपण जखमेत आहोत असाच निरोप जात होता आणि म्हणून त्या वाढत होत्या. (सेरोटोनिनच्या नावात 'सेर' आहे तेही सीरमवरूनच, कारण १९४८ मध्ये ते सीरममधून वेगळं केलं गेलं, आणि तिथे ते आलं होतं प्लेटलेटमधूनच. तेव्हाच कुणाला शंका यायला हवी होती खरं तर.)

त्या द्रवातला कर्ता रेणू म्हणजे प्लेटलेट-डिराइव्हड ग्रोथ फॅक्टर, पीडीजीएफ. १९७९ मध्ये अमेरिकेत अँटोनियाडिस आणि स्वीडनच्या उप्सालामध्ये हेल्डिन यांच्या गटांनी तो शुद्ध केला. आणि मग १९८३ साली बॉम्ब पडला. पीडीजीएफचा अमिनो आम्लांचा क्रम हाती आल्यावर तो कॉम्प्युटरवर इतर ज्ञात क्रमांशी ताडून पाहिला तर तो जुळला चक्क माकडांमध्ये सार्कोमा करणाऱ्या एका विषाणूच्या कॅन्सर जनुकाशी. दोन स्पर्धक गटांनी हे जवळजवळ एकाच वेळी, एकाच महिन्यात छापलं. म्हणजे जखम भरणारं प्रथिन आणि कॅन्सर करणारं जनुक ही एकाच घरातली. विषाणूने ते कधीतरी प्राण्याकडून उचललं होतं आणि पेशीला 'वाढ, वाढ' असा आदेश न थांबता देत होता. कॅन्सरची जनुकं मुळात आपलीच वाढीची जनुकं बिघडून झालेली असतात या कल्पनेला एवढा ठोस आधार आधी मिळालेला नव्हता, आणि तो मिळाला बुचाच्या पोटातून. त्याच वर्षी अमेरिकेत स्पोर्न यांच्या गटाने टीजीएफ-बीटा हे पेशींच्या वाढीवर ताबा ठेवणारं प्रथिन माणसाच्या प्लेटलेटमधूनच शुद्ध केलं, कारण ते सगळ्यात मुबलक तिथेच सापडत होतं.

ही प्रथिनं पिशवीत बंद राहणं किती गरजेचं आहे हे एका दुर्मिळ आजारातून कळतं. १९७१ मध्ये ग्रे प्लेटलेट सिंड्रोमचं वर्णन झालं. राइट स्टेन केला की या रुग्णांच्या प्लेटलेट फिकट करड्या दिसतात, कारण अल्फा दाणे जवळपास नसतातच. (२०११ मध्ये याच्यामागचं एनबीईएएल-२ हे जनुक सापडलं.) रक्तस्राव होतो हे तर ठीक, पण अनेकांच्या बोन मॅरोत हळूहळू चिवट तंतू साचत जातात. कारण असं मानलं जातं की पिशव्या नीट बनत नसल्याने मेगाकॅरिओसाइट तिथल्या तिथेच गळतात आणि ती वाढीची प्रथिनं मॅरोतच सांडत राहतात. जे जखमेत हवं ते घरातच सांडलं.

आता पीएफ-४, म्हणजे प्लेटलेट फॅक्टर ४. नावावरून कुठलातरी किरकोळ सहायक वाटतो, पण सगळ्यात गुंतागुंतीचं पात्र हेच. आधी त्याची ओळख एवढीच होती की हेपॅरिन या रक्त पातळ करणाऱ्या औषधाला धरून ते निकामी करतं. १९७७ मध्ये त्याचा क्रम कळला, अवघी ७० अमिनो आम्लं, आणि पुढे केमोकाइन नावाचं, पांढऱ्या पेशींना बोलावणाऱ्या प्रथिनांचं मोठं कुटुंब उलगडलं तेव्हा हा त्यातला सगळ्यात आधी वाचला गेलेला सदस्य निघाला. मग लक्षात आलं की ते नवीन रक्तवाहिन्या फुटण्याला अटकाव करतं. दुसरीकडे काही लोकांना हेपॅरिन दिल्यावर रक्त पातळ होण्याऐवजी उलट गुठळ्या होतात आणि प्लेटलेट घसरतात हे १९५० च्या दशकापासून डॉक्टरांना दिसत होतं, त्याचं कोडं १९९२ मध्ये सुटलं. हेपॅरिन आणि पीएफ-४ ची जोडी जमली की शरीर तिलाच परकं समजून अँटिबॉडी बनवतं, आणि त्या अँटिबॉडी प्लेटलेटना भडकवतात. हेच ज्ञान हाताशी होतं म्हणून २०२१ मध्ये अ‍ॅडिनोव्हायरसवर बेतलेल्या कोविड लसींनंतर फार थोड्या लोकांना विचित्र गुठळ्या झाल्या तेव्हा काही आठवड्यांतच पीएफ-४ विरोधी अँटिबॉडी शोधून काढता आल्या. आणि या लोकांना हेपॅरिन दिलेलंही नव्हतं.

आणि हाच पीएफ-४ मलेरियाचा परजीवीही मारतो. २००९ मध्ये ऑस्ट्रेलियातल्या संशोधकांनी दाखवलं की प्लेटलेट लाल पेशीतल्या परजीवीला मारतात, २०१२ मध्ये त्यातलं हत्यार पीएफ-४ असल्याचं कळलं आणि ते चालायला लाल पेशीवरचा डफी नावाचा रेणू लागतो हेही कळलं. प्लेटलेट जंतू मारतात ही कल्पना मात्र नवी नाही, एकोणिसाव्या शतकाच्या शेवटीच सीरम जंतूंना मारतं आणि प्लाझ्मा तितकंसं मारत नाही असं लोकांनी लिहून ठेवलंय. परत तेच सीरम-प्लाझ्मा!

२००४ मध्ये डब्लिनच्या एका गटाने थ्रॉम्बिन लावलेल्या प्लेटलेट जे काही सोडतात त्याची यादीच केली तर ३०० हून जास्त प्रथिनं निघाली, आणि त्यातली काही धमनीतल्या चरबीच्या थरांतही सापडली. सगळी प्लेटलेटने बनवलेली नसतात बरं का, फायब्रिनोजेनसारखी काही ती रक्तातून उचलून पोटात भरून ठेवते. या यादीत वाहिन्या वाढवणारी आहेत तशी रोखणारीही आहेत, मग प्लेटलेट वेळेनुसार निवडून सोडते का? २००८ च्या सुमारास काही प्रयोग 'हो' म्हणाले, वेगवेगळ्या पिशव्यांत वेगळा माल असतो असं. दोन-तीन वर्षांनी इतर गट म्हणाले की निवड वगैरे नाही, काही माल लवकर सुटतो काही उशिरा एवढंच. वाद मिटलेला नाही, मला दुसरी बाजू जास्त पटते, पण ते असो.

या सगळ्यातून पीआरपी (प्लेटलेट-रिच प्लाझ्मा) इंजेक्शनं निघाली, स्वतःचंच रक्त यंत्रात गरगर फिरवून प्लेटलेट दाट करायच्या आणि दुखऱ्या जागी टोचायच्या. तर्क छान आहे पण तर्कावर उपचार चालत नाहीत. २०२१ मध्ये ऑस्ट्रेलियात गुडघ्याच्या संधिवाताच्या २८८ लोकांवर झालेल्या चाचणीत १२ महिन्यांनी दुखणं कमी होण्यात पीआरपी आणि मिठाचं पाणी यात लक्षणीय फरक दिसला नाही. तीनशे प्रथिनं एकदम ओतली की त्यातली चार मदत करणार आणि चार आडवी जाणार, नवल काय. उलट एकेक प्रथिन वेगळं करून बघणारे पुढे सरकतायत, २०२३ मध्ये म्हाताऱ्या उंदरांना नुसतं पीएफ-४ दिलं तर मेंदूतली सूज कमी झाली आणि ते शिकण्या-आठवण्याच्या परीक्षांत बरे ठरले. उंदीर आहेत, एवढं लक्षात ठेवून वाचायचं.

आणि रक्तपेढ्यांत मुदत संपलेल्या प्लेटलेटच्या पिशव्या, ज्या पाच-सात दिवसांतच बाद होतात, त्या आता काही ठिकाणी गोठवून, वितळवून, मुद्दाम फोडतात. त्यातून निघालेला अर्क बशीतल्या स्टेम सेल वाढवायला वापरतात, वासराच्या सीरमऐवजी.