डीएलएल शोधून चिकटवायची नसते

विंडोजवर एखादा प्रोग्रॅम उघडताना ‘एमएसव्हीसीपी१४० डीएलएल सापडत नाही’ असं आलं, की पेठेतल्या क्लासपासून हॉस्टेलच्या खोलीपर्यंत पुण्यात एकच सल्ला मिळतो: नेटवरून ती फाइल उतरवा, विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरात टाका. हा सल्ला चुकीचा आहे, आणि धोक्याचाही.

डीएलएल म्हणजे जुन्या वाड्यातला सामायिक नळ. बिऱ्हाडं दहा, नळ एक. अनेक प्रोग्रॅम तोच कोड वापरतात, म्हणून प्रत्येकाला वेगळा ठेवावा लागत नाही. पण ही फाइल एकटी येत नाही, ती संचातली असते. वरची फाइल मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल या संचातली. एक चिकटवली की बहुधा दुसरी हरवल्याचा निरोप येतो. शिवाय परक्या साइटवरच्या फाइलीत काय दडलंय, देव जाणे.

आणखी एक गंमत: ६४ बिटच्या विंडोजमध्ये सिस्टम३२ या फोल्डरात ६४ बिटच्या फाइली असतात, आणि ३२ बिटच्या सिसवाऊ६४ मध्ये! असं नाव ठेवणाऱ्याला दंडवत. चुकीच्या जागी टाकलेली फाइल प्रोग्रॅमला चालतच नाही.

मग करायचं काय? तो व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल संच मायक्रोसॉफ्टच्याच साइटवरून घ्या. प्रोग्रॅम ३२ बिटचा असेल तर संचाची एक्स८६ (म्हणजे ३२ बिटची) आवृत्ती लागते, विंडोज ६४ बिटचं असलं तरी. म्हणून ६४ बिटच्या विंडोजवर एक्स८६ आणि एक्स६४ (६४ बिटची) अशा दोन्ही टाकलेल्या बऱ्या. तरीही अडलं, तर तो प्रोग्रॅम काढून पुन्हा बसवा. विंडोजचीच फाइल बिघडली असेल, तर कमांड प्रॉम्प्ट ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडून त्यात ‘एसएफसी स्कॅननाऊ’ (sfc /scannow) ही आज्ञा चालवा.