दारूबंदी आणि जप्त गाड्या : वाद आला कुठून?

दारू वाहताना पकडलेली गाडी सरकारजमा करण्याची तरतूद १९४९च्या मुंबई दारूबंदी कायद्यापासूनच आहे. त्याच्या कलम ९८ मध्ये दारूबरोबर ती वाहणारी जनावरे, गाड्या आणि होड्याही आल्या. बलसारा खटल्यात १९५१ साली सर्वोच्च न्यायालयाने या कायद्यातली काही कलमे रद्द केली, पण कायदा टिकला. १९६०च्या विभाजनानंतर तो महाराष्ट्राकडेही राहिला आणि गुजरातकडेही.

जप्ती (पोलिसांनी गाडी ताब्यात घेणे) आणि सरकारजमा करणे (तिची मालकीच सरकारकडे जाणे) या दोन वेगळ्या पायऱ्या आहेत, आणि सगळे भांडण त्यांच्या मधल्या काळाचे आहे. खटला संपायला वर्षे लागतात. तोवर ट्रक पोलीस ठाण्याच्या आवारात उन्हापावसात उभा राहतो, टायर बसतात, सुटे भाग गायब होतात आणि मालक कर्जाचे हप्ते भरत राहतो. बऱ्याचदा तो आरोपीही नसतो, गाडी चालकाच्या हाती असते. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४५१ खाली न्यायदंडाधिकारी अशी गाडी सुपूर्दनाम्यावर, म्हणजे मागितल्यावर परत हजर करण्याच्या लेखी हमीवर, सोडू शकत. २००२ मध्ये सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने बजावले की, पंचनामा करा, फोटो काढा, हमी घ्या, पण वाहने ठाण्यात सडवू नका. हे प्रकरण दारूबंदी असलेल्या गुजरातमधलेच होते.

त्याच गुजरातने पुढे उलटी दिशा धरली. २००९ मध्ये अहमदाबादेत विषारी दारूने शंभरहून अधिक बळी घेतले. त्यानंतर कायदा कडक करण्यात आला आणि २०११ मध्ये लागू झालेल्या दुरुस्तीने कलम ९८(२) बदलले. नियमांत ठरवलेल्या प्रमाणापेक्षा जास्त दारू सापडली, तर अंतिम निकालापर्यंत गाडी जामिनावर सोडायची नाही. २०१७ मध्ये परेशकुमार ब्रह्मभट्ट प्रकरणात गुजरात उच्च न्यायालयाने मान्य केले की, या तरतुदीपुढे दंडाधिकाऱ्याचे हात बांधलेले आहेत. मालकांना उरला तो उच्च न्यायालयात रिट करण्याचा मार्ग. छोट्या टेम्पोवाल्याला तो कसा परवडणार, हा प्रश्न मला कायद्याच्या कलमांइतकाच महत्त्वाचा वाटतो.

बिहारने निर्णयच न्यायालयाबाहेर नेला. एप्रिल २०१६ ची बंदीची अधिसूचना पाटणा उच्च न्यायालयाने ३० सप्टेंबरला रद्द केली, तर दोनच दिवसांनी, गांधीजयंतीला, सरकारने नवा कायदा लागू केला. त्यात वाहन सरकारजमा करायचे की नाही हे जिल्हाधिकारी ठरवतो आणि कलम ६० नुसार जप्त वस्तूंबाबत न्यायालयांना हात घालता येत नाही. म्हणजे चालकावरचा खटला एकीकडे आणि गाडीचे भवितव्य दुसरीकडे. साहजिकच याचिकांची रीघ लागली. नोटीस मिळाली नाही, प्रकरण महिनोन्महिने पडून आहे, चालक नुसता प्यायलेला होता आणि गाडीत दारू नव्हतीच, असे त्यातले मुद्दे. उच्च न्यायालयाला जिल्हाधिकाऱ्यांना मुदती घालून द्याव्या लागल्या. अखेर २०२२ च्या दुरुस्तीने दंड भरून वाहन सोडवण्याची सोय केली. दिलासा मिळाला खरा, पण निर्दोष मालकानेही पैसे मोजूनच स्वतःची गाडी घ्यायची, हे मला न्याय्य वाटत नाही.

सर्वोच्च न्यायालयाचे निकालही एका सुरात नाहीत. दिल्लीत दारूबंदी नाही, पण तिथल्या उत्पादन शुल्क कायद्यावरून २०१४ मध्ये नरेंदर प्रकरणात न्यायालयाने सांगितले की, सरकारजमा करण्याचा अधिकार विशेष अधिकाऱ्याकडे असेल आणि कायद्याने न्यायालयांना रोखले असेल, तर दंडाधिकारी गाडी सोडू शकत नाही. राज्यांचे वकील आजही याचा आधार घेतात. उलट २०२२ मध्ये अब्दुल वहाब प्रकरणात, मध्य प्रदेशच्या गोवंश हत्याबंदी कायद्याखाली, चालक निर्दोष सुटल्यावरही ट्रक सरकारजमा ठेवणे न्यायालयाने मनमानी ठरवले आणि मालमत्तेचा हक्क सांगणाऱ्या, राज्यघटनेच्या अनुच्छेद ३००अ चा दाखला दिला. कायदा वेगळा असला तरी युक्तिवाद दारूबंदीच्या प्रकरणांना तंतोतंत लागू पडतो, असे माझे मत आहे.

१ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ ने जप्त वस्तूंची यादी १४ दिवसांत आणि त्यानंतर ३० दिवसांत विल्हेवाटीचा आदेश, अशी मुदत घातली आहे. ती राज्यांच्या दारूबंदी कायद्यांतल्या मनाईपुढे टिकते का, यावर पुढचे बरेच खटले उभे राहतील.