नुसतं ‘छान करून द्या’ म्हणू नका
(मजकूर सुधारून घेणाऱ्या ग्राहकांसाठी)

चॅटजीपीटी, जेमिनी अशा एआय साधनांकडून मजकूर करून घेऊन छपाईला आणणारे ग्राहक आता रोज येतात. आम्हीही काउंटरवर ही साधनं वापरतो, ते लपवत नाही. तक्रार मात्र एकच कानावर येते: “सांगितलं एक, त्यानं लिहिलं भलतंच.” कागद बघितला की कळतं, बहुतेक वेळा त्याला पुरतं सांगितलेलंच नसतं.

एका टॉवेलवाल्यांचं पत्र बघा. मूळ ओळ अशी होती: ‘टेरी टॉवेल, 450 जीएसएम, 30 बाय 60 इंच, माल 20 दिवसांत, गाडीभाडं तुमच्याकडं.’ मोबाइलवर त्यांनी एवढंच टाकलं, ‘हे छान करून दे.’ उत्तर आलं: ‘आमचे मऊ, दर्जेदार टॉवेल लवकरात लवकर आपल्यापर्यंत पोहोचवले जातील.’ वाचायला गोड, पण कापडाचं वजन (जीएसएम) गेलं, माप गेलं, मुदत गेली आणि भाडं कुणी भरायचं तेही गेलं. हे पत्र तसंच गेलं असतं तर भाड्यावरून वाद ठरलेला होता.

असं का होतं? ही साधनं अफाट मजकुरावर शिकलेली असतात आणि पुढं कोणता शब्द शोभेल याचा अंदाज बांधत लिहितात. सूचना अर्धवट असली तर कधी उलट प्रश्न विचारतात, पण बऱ्याचदा न विचारताच सर्वात रुळलेला अर्थ धरून मोकळी होतात. ‘छान’ म्हटलं की जाहिरात. ‘सोलापुरी चादर, पारंपरिक’ एवढंच दिलं की ‘हातमागावर विणलेली’ हे शब्द आपसूक येऊ शकतात. तुमचा माल यंत्रमागावरचा असेल तर ती ग्राहकाची फसवणूक ठरते, आणि खाली नाव तुमचं असतं. अर्ज दोन पानी असून फोटो पहिल्याच पानाचा दिला, तरी शेवट त्याच्या मनानं जोडून मिळू शकतो. ‘कालच्यासारखंच कर’ हेही चालत नाही; नवीन चॅट उघडलं की कालचा मजकूर बहुधा त्याच्यासमोर नसतो.

म्हणून मजकुराच्या वर दोन ओळी लिहा. वाचणार कोण, कागद कशासाठी, किती ओळींत हवा. आणि सगळ्यात महत्त्वाचं, काय बदलायचं नाही: आकडे, तारखा, नावं, अटी. ‘शंका असेल तर आधी विचार, मनानं भर घालू नकोस’ हे वाक्य जोडलं तर पुष्कळ फरक पडतो. तरी आकडे स्वतः ताडून बघाच. भाषाही सांगा. आपल्या सोलापुरात घरी तेलुगू किंवा कन्नड, दुकानात मराठी आणि व्यापाऱ्याला पत्र हिंदीत, हे नेहमीचंच. ‘तुम्ही’ लिहायचं की ‘आपण’, तेही त्याला आपणहून कळत नाही.

आम्ही काउंटरवर चार प्रश्न विचारतो तेव्हा काही जण वैतागतात. “एवढं काय विचारताय, घाई आहे.” पण त्या दोन मिनिटांत तीन फेऱ्या वाचतात, हा आमचा अनुभव आहे. विचारण्याचे पैसे आम्ही घेत नाही. मूळ कागद आणि नवा मजकूर शेजारी ठेवून आकडा न् आकडा जुळवतो आणि तुमची सही झाल्यावरच छापतो. आधार, खातं, मोबाइल नंबर या साधनांत टाकत नाही. ते शेवटी हातानं बसवतो.

या सूचना लिहायची चिठ्ठी काउंटरवर आहे, ती भरून दिलीत तर पहिली दुरुस्ती मोफत. चिठ्ठीशिवाय आलेला मजकूर पुन्हा लिहावा लागला तर त्याचे वेगळे पैसे पडतील. गड्ड्याच्या यात्रेच्या आणि लग्नसराईच्या दिवसांत गर्दी असते, तेव्हा मजकूर चार दिवस आधी आणा, मूळ कागदासकट.