आजोबांचं चित्र म्युझियम घेईल का?

चवथीचं रंगकाम निघालं की म्हापशातल्या आमच्या फ्रेमिंगच्या दुकानात जुनी चित्रं येऊ लागतात. सोप्याच्या भिंतीवरून उतरवलेली, काचेला आतून बुरशी धरलेली, कोपऱ्यात कसरीने कुरतडलेली. मोल्डिंग निवडता निवडता कोणीतरी हमखास विचारतं, ‘हे म्युझियमवाले घेतील काय हो?’ काउंटरवर उभ्या उभ्या याचं उत्तर देता येत नाही, म्हणून हे पत्रक.

चित्र सुंदर आहे एवढ्यावर म्युझियम ते घेत नाही. आपल्याकडच्या कुठल्या चित्राशेजारी ते शोभेल, संग्रहात काय कमी आहे, हे आधी पाहतात. न्यूयॉर्कचं म्युझियम ऑफ मॉडर्न आर्ट, म्हणजे मोमा, 1929 साली भाड्याच्या जागेत सुरू झालं तेव्हा पहिल्या देणगीत आलेली आठ छापचित्रं आणि एक रेखाचित्र, एवढीच त्यांची पुंजी. पहिलं प्रदर्शन सेझान, गोगँ, सूरा आणि व्हॅन गॉग यांचं, तेही उसन्या चित्रांवर! संचालक आल्फ्रेड बार 27 वर्षांचे होते. पुढे त्यांनी संग्रह कसा असावा ते आकृती काढून दाखवलं: पुढे जाणारा टॉर्पेडो, नाक आजच्या कलेत, शेपूट पन्नास-शंभर वर्षं मागे. तो पुढे सरकला की शेपटाकडचं जुनं सुटणार.

आणि सुटलंही. संस्थापकांपैकी लिली ब्लिस 1931 साली वारल्या. त्यांनी मृत्युपत्राने दिलेल्या संग्रहातलं देगाचं एक चित्र देऊन 1939 मध्ये पिकासोचं ‘आव्हिन्यॉच्या तरुणी’ आलं, आणि 1941 मध्ये अशाच अदलाबदलीत व्हॅन गॉगची ‘तारांकित रात्र’. बाईंनी तशी मुभाच ठेवली होती. असा देणगीदार विरळा. आपल्याकडे बोलणी अडतात ती पाटीवर नाव केवढं लिहायचं यावर.

बार यांनी चित्रं लावायची पद्धतही बदलली. छतापर्यंत दाटी नाही; फिकट कापडाच्या भिंतीवर, डोळ्यांच्या उंचीला, एकेक सुटं. आजचे फ्लॅटवाले ‘म्युझियमसारखं लावून द्या’ म्हणतात ते हेच. शेजार बदलला की चित्राचा अर्थही बदलतो, म्हणून लंडनच्या टेट मॉडर्नने 2000 मध्ये उघडतानाच कालक्रम सोडून विषयवार मांडणी केली.

आता आपल्या घरचं. मूळ गोव्याच्या कुटुंबातल्या चित्रकार गायतोंडेंचं मोठं प्रदर्शन 2014 मध्ये न्यूयॉर्कच्या गुगनहाइम म्युझियममध्ये लागलं, ते अनेक सार्वजनिक आणि खासगी संग्रहांतून चित्रं आणून. अशा वेळी चित्र कोणाकडून, कधी, कुठून आलं याचा पुरावा लागतो. शिवाय एकाच चित्रकाराच्या हातची बरीच कामं एकत्र असली तर त्यांचं मोल वाढतं: त्रिंदाद यांची चित्रं पणजीत फुंदासांव ओरिएंत या पोर्तुगीज संस्थेत, आंजेलो द फोन्सेकांची पर्वरीच्या झेवियर सेंटर या इतिहास-संशोधन संस्थेत अशीच एकत्र पाहायला मिळतात. म्हणून भावाभावांत वाटण्या होण्याआधी सगळ्या चित्रांचे पुढून-मागून फोटो काढून ठेवा.

मागून का, ते आम्ही महागात शिकलो. एका गिऱ्हाइकाच्या जलरंगामागचा पुठ्ठा ओला दिसला म्हणून आमच्या पोराने टाकला. त्यावर मुंबईतल्या कुठल्याशा प्रदर्शनाची अर्धी फाटलेली चिठ्ठी होती, शाईने क्रमांक घातलेली. कचऱ्याच्या गाडीबरोबर ती गेली. गिऱ्हाईक काही बोललं नाही, त्याचंच जास्त लागलं.

तेव्हापासून पाठ उघडण्याआधी आम्ही फोटो घेतो आणि जुना पुठ्ठा, चिठ्ठ्या, पावत्या पाकिटात घालून परत देतो. त्याचे पैसे नाहीत. कागदावरचं चित्र पुठ्ठ्याला चिकटवत नाही, सेलोटेप तर नाहीच. वरच्या कडेला जपानी कागदाच्या दोन पट्ट्या, गव्हाच्या खळीने, म्हणजे उद्या कोणाला काढायच्या झाल्या तर ओलाव्याने सुटतील. मध्ये माउंट, म्हणजे चित्राभोवती खिडकी कापलेला जाड पुठ्ठा, घालतो, कारण आपल्या पावसाळ्यात काच चित्राला टेकली की रंग काचेलाच धरतो. फ्रेमच्या मागे खालच्या दोन कोपऱ्यांना बुचाच्या चकत्या लावतो, त्यामुळे भिंतीची ओल लांब राहते आणि मागून वारा खेळतो. जलरंग खिडकीसमोर लावू नका. म्युझियमांत कागदावरच्या कामांना साधारण 50 लक्सच (लक्स हे उजेडाचं माप) उजेड देतात, तो आपल्या डोळ्याला मिणमिणता वाटतो.

चित्र जुनं असेल तर चवथीआधीच्या पंधरवड्यात आणू नका. त्या गर्दीत पाठ नीट पाहायला आम्हाला सवड नसते.