वटवाघूळ वेगळं, पाकोळी वेगळी

किल्ला पाहून आलेलं पोरगं सांगतं, आतल्या कोठडीत वटवाघळं होती, नाक धरून बाहेर आलो. यावलकडचा शेतकरी सांगतो, शिवारातल्या वडावर वटवाघळं लटकलीत. दोघंही खरंच बोलतात, पण दोघांनी पाहिलेले प्राणी वेगळे. वडावरचं ते फळं खाणारं मोठं वटवाघूळ, कोठडीतली बहुधा त्याचीच जातभाई, किडे खाणारी लहान पाकोळी. एरवी या गोंधळाने कोणाचं काही अडत नाही. पण 'वटवाघळं वाचवा' म्हणत कोणी पुढे आलं, की आधी विचारावं लागतं: कुठली? एकाला झाड लागतं, दुसरीला अंधार. झाडं लावून पाकोळी वाचत नाही.

दिवेलागणीला अंगणात उभं राहिलं तरी फरक कळतो. पाकोळी लवकर निघते आणि दिव्याभोवती झटकन वळणं घेत फिरते. मोठं वटवाघूळ जरा उशिराने, पंख सावकाश मारत, ठरलेल्या दिशेने सरळ जातं. त्याचे पंख उघडले की चार फूट सहज भरतात, वजन दीड किलोपर्यंत जातं. तोंड कोल्ह्यासारखं, डोळे टपोरे, कान साधे. ते रस्ता काढतं डोळ्यांनी आणि फळ शोधतं वासावर. पाकोळ्यांत घराच्या फटीत मावणारी, दोन-तीन ग्रॅमचीही जात आहे. ती आपल्याला ऐकू न येणारा आवाज काढते आणि प्रतिध्वनीवरून किडा नेमका कुठे आहे ते ओळखते. आंधळं मात्र दोघांपैकी कोणीच नाही.

प्राणी दिसला नाही तरी खूण सापडते. कोठडीच्या जमिनीवर उंदराच्या लेंड्यांएवढे काळे दाणे पडलेले असतात. काडीने दाबून पाहा, हाताने नको. उंदराची वाळलेली लेंडी कडक राहते. पाकोळीची भुरभुर सुटते आणि त्या भुकटीत बारीक काहीतरी चमकतं; ते किड्यांच्या पंखांचे आणि कवचांचे तुकडे. वडाखाली वेगळाच मामला. तिथे ओला, चिकट सडा, त्यात वड-उंबराच्या बिया आणि आजूबाजूला चोथ्याच्या सुकलेल्या गोळ्या. वटवाघूळ फळ चावतं, टाळूशी दाबून रस गिळतं आणि चोथा थुंकून टाकतं.

इथवर सोपं आहे. पण फळं खाऊनही गुहेत, पडक्या इमारतीत राहणारं एक मध्यम आकाराचं वटवाघूळ आहे. ते अंधारात जिभेने टकटक आवाज काढून वाट शोधतं, म्हणजे राहणं पाकोळीचं आणि खाणं वटवाघळाचं. दुसरं, आखूड नाकाचं, इतकं लहान की लोक त्याला पाकोळीच समजतात. ते ताडाच्या झावळीखाली, केळीच्या पानाआड दिवस काढतं. आणि किल्ल्यात जिला 'रक्त पिणारी' म्हणून घाबरतात ती मोठ्या कानांची पाकोळी बेडूक, पाली, उंदीर आणि मोठे किडे धरून खाते. रक्तावर जगणाऱ्या जाती जगात तीनच आहेत आणि त्या सगळ्या अमेरिका खंडांत.

जाणकारांचीही फसगत झाली आहे. 1948 साली तमिळनाडूच्या हाय वेव्ही डोंगरातून अँगस हटन यांनी एक नमुना मिळवला. तो मुंबईला बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या संग्रहात आला आणि त्याच आखूड नाकाच्या वटवाघळाच्या नावाने कपाटात पडून राहिला. थायलंडच्या किट्टी थोंगलोंग्या यांनी तो नीट तपासला, तेव्हा नुसती जात नव्हे, अख्खी प्रजातीच (जातींचा गट) नवी निघाली. 1972 साली तिला सलीम अलींचं नाव मिळालं. दक्षिणेच्या घाटांतलं हे वटवाघूळ आज संकटग्रस्त आहे. चिठ्ठी चुकली की धोक्यातला प्राणी नजरेसमोर असूनही मोजला जात नाही.

पाकोळ्यांत याहून बिकट अवस्था कोलारच्या पर्णनासिका (नाकावर पानासारखी घडी असलेल्या) पाकोळीची. कर्नाटकातल्या हनुमनहळ्ळीची एकच गुहा आणि दोनशेच्या आतबाहेर पाकोळ्या, एवढाच तिचा संसार. भोवताली ग्रॅनाइटच्या खाणी होत्या. बॅट कॉन्झर्वेशन इंडिया ट्रस्टने पाठपुरावा केला, सरकारने खाणकाम थांबवलं, गावकऱ्यांना सोबत घेतलं. इथे झाडं लावण्याचा प्रश्नच नव्हता. सुरुंग थांबणं हेच संवर्धन.

कायद्याने मात्र दोघांना वेगवेगळ्या तऱ्हेने वाऱ्यावर सोडलं होतं. 1972 च्या वन्यजीव कायद्यात फळं खाणारी वटवाघळं पाचव्या अनुसूचीत, कावळा आणि उंदरांच्या पंगतीला, उपद्रवी म्हणून. मारली तरी गुन्हा नव्हता. सलीम अलींच्या नावाचं वटवाघूळ तेवढं अपवाद. पाकोळ्यांना तर अनुसूचीच नव्हती. बेळगावजवळच्या बारापेडे गुहेतल्या एका जातीला सोडून. 2022 च्या दुरुस्तीने उपद्रवींची ती यादीच गेली, 1 एप्रिल 2023 पासून. माझ्या मते हे फार उशिरा झालं.

खानदेशातलं मोठं वटवाघूळ जागतिक लाल यादीत धोक्यात धरलेलं नाही. पण मादीला वर्षाला साधारण एकच पिल्लू होतं, आणि वसाहत एका झाडावर किंवा दोन-चार झाडांवर असते. रुंदीकरणात जुना वड गेला की सगळीच बेघर. शिवाय इथलं ऊन! जळगाव-भुसावळचा पारा 45 च्या वर जातो. ऑस्ट्रेलियात त्यांच्याच जातभाईंच्या वसाहती 42 अंशांच्या पुढे गळून पडलेल्या नोंदल्या आहेत. उन्हात ती पंखांनी वारा घेतात, अंग चाटून ओलं करतात. म्हणून वडाजवळ पाणी आणि दाट सावली दोन्ही हवं. विजेच्या तारांवर अडकून मरतात ती वेगळी.

पाकोळीला ऊन लागत नाही; तिच्यावर संकट आणतो तो आपला टॉर्च, धूर आणि सिमेंट. किल्ल्याची डागडुजी, जुन्या वाड्याची पाडापाडी, विहीर बुजवणं, आणि सगळ्यात वाईट म्हणजे मशाली पेटवून कोठडी 'साफ' करणं. दार बंदच करायचं असेल तर आडव्या गजांचं करावं, गजांत साधारण सहा इंचांहून थोडं कमी अंतर ठेवून. माणूस आत जात नाही, पाकोळी जाते. उभ्या गजांचं किंवा बारीक जाळीचं दार तिला कोंडतं. एखादी कोठडी दिव्याविना सोडली तर पर्यटकांचं काय जातं?

आता शेतकऱ्याचा हिशेब. रावेर-यावलची केळी हिरवीच कापतात, तिच्यात वटवाघळाला रस नाही. पेरू, चिकूचं नुकसान मात्र खरं असतं, ते नाकारून संवर्धन होत नाही. तिथे बारीक छिद्रांची, ताणून बांधलेली जाळी लावावी; ढिल्या जाळीत जीव गुरफटून मरतो. उलट बाजूला मोहाचं झाड आहे. धडगाव-अक्कलकुव्याकडे ज्याच्या फुलांवर घरं चालतात, त्या मोहाचं परागीकरण आणि बियांचा प्रसार यांत वटवाघळाचा मोठा हात आहे. कपाशीला वटवाघळाचा काही उपयोग नाही, तिथे पाकोळीच लागते. बोंडअळीचे पतंग रात्री उडतात आणि पाकोळी पतंग खाते. टेक्सासच्या कपाशी पट्ट्यात 2006 साली संशोधकांनी हे काम वर्षाला सुमारे 7.4 लाख डॉलरचं ठरवलं होतं. तो आकडा चोपडा तालुक्याला जसाच्या तसा लावता येणार नाही, आणि पाकोळी आली म्हणून गुलाबी बोंडअळी गेली असंही होत नाही. पण विहिरीच्या कपारीतल्या पाकोळ्या धूर करून हुसकावण्यात तोटा आपलाच.

रोगाची भीती खोटी नाही. पुण्याच्या राष्ट्रीय विषाणू संस्थेने महाबळेश्वरच्या गुहेतल्या वटवाघळांत निपाह या जीवघेण्या विषाणूच्या खुणा नोंदल्या आहेत. 2020 सालचे नमुने होते. म्हणून चावलेलं फळ खाऊ नये आणि मेलेल्या-जिवंत कुठल्याही जातीला उघड्या हाताने उचलू नये. वड पेटवून रोग जात नाही, उलट पांगलेली वटवाघळं नव्या वस्तीत शिरतात.

पाकोळी घरात शिरली तर पंखा बंद करा, खोलीतला दिवा घालवा, खिडकी उघडी ठेवा. ती आपली आपण बाहेर पडते. झाडूने मारू नका. मोठं वटवाघूळ मांज्यात किंवा जाळीत अडकलं तर स्वतः ओढाताण करू नका, ते जोरात चावतं. अंगाला पिल्लू आहे का तेवढं लांबून पाहा आणि वनविभागाच्या 1926 क्रमांकावर कळवा. फोनवर 'झाडावरचं मोठं' की 'घरातली लहान' हेही सांगा, म्हणजे येणारा माणूस तयारीने येतो.