उलट्या काळाचा कल्पित सिद्धांत आणि त्यामागचे भौतिकशास्त्र

एखाद्या वस्तूचा किंवा माणसाचा काळ उलटा फिरवता येतो आणि उलट्या काळातला माणूस सुलट्या काळातल्या स्वतःला शिवला तर दोघेही नष्ट होतात, असा एक सिद्धांत विज्ञानकथांमध्ये रूढ झाला आहे. तो कल्पित असला तरी त्याचे सुटे भाग खऱ्या भौतिकशास्त्रातले आहेत; ते एकत्र आणताना मात्र बरीच सरमिसळ झाली आहे.

न्यूटनच्या गतिनियमांना काळाची दिशा कळत नाही; गती उलटी केली तरी ते तसेच लागू पडतात. लुडविग बोल्ट्झमन यांनी १८७२ मध्ये रेणूंच्या गतीवरून एन्ट्रॉपी, म्हणजे अव्यवस्थेचे माप, वाढतच जाते असे दाखवले, तेव्हा योहान लोश्मिट यांनी १८७६ मध्ये आक्षेप घेतला, की सर्व रेणूंचे वेग एकाच क्षणी उलटे केले तर एन्ट्रॉपी घटत जायला हवी. यात भूतकाळात जाणे कुठेच नाही. स्वतःला शिवून नष्ट होण्याची कल्पना बहुधा पॉझिट्रॉनवरून, म्हणजे इलेक्ट्रॉनला भेटताच त्याच्यासह नष्ट होणाऱ्या त्याच्या प्रतिकणावरून, सुचली असावी. पॉझिट्रॉन म्हणजे काळात मागे जाणारा इलेक्ट्रॉन, असे रिचर्ड फाइनमन यांनी १९४९ मध्ये मांडले. पण त्या मांडणीत दोन कण एकमेकांचा नाश करत नाहीत, एकच कण काळात वळण घेतो. कथाकाराला अर्थातच स्फोट अधिक सोयीचा.

खरा पेच त्याच वर्षी जॉन व्हीलर आणि फाइनमन यांनी मांडला. त्यांच्या विद्युतगतिकीत, म्हणजे विद्युतभारांच्या परस्पर परिणामांच्या सिद्धांतात, विद्युतभारित कणाचा परिणाम भविष्याकडे जातो तसाच भूतकाळाकडेही जातो. पाच प्रकाशतास, म्हणजे प्रकाशाला पाच तास लागतील इतक्या, अंतरावर दोन कण आहेत आणि पहिल्याला संध्याकाळी सहा वाजता धक्का बसणार आहे, असे समजा. दुसरा कण दुपारी एक वाजताच हलेल आणि त्यामुळे पहिला सकाळी आठ वाजता. सकाळची हालचाल पाहून कोणी संध्याकाळचा धक्का अडवला, तर सकाळी कण हलला कशामुळे? त्यांचे उत्तर असे, की अडवणे पूर्ण यशस्वीही होत नाही आणि पूर्ण फसतही नाही. धक्का ओझरता बसतो आणि सकाळची हालचालही तेवढीच क्षीण असते.

मग भविष्यातून येणारे परिणाम आपल्याला जाणवत का नाहीत? विश्वातील सर्व द्रव्य ते शोषून रद्द करते, असे दोघांचे म्हणणे होते. असे शोषण कोणत्या विश्वात शक्य आहे, हे फ्रेड हॉईल आणि कोल्हापुरात जन्मलेले जयंत नारळीकर यांनी १९६०च्या दशकात केंब्रिजमध्ये तपासले. त्यांच्या गणितानुसार स्थिर स्थिती विश्व, म्हणजे प्रसरण पावूनही कायम सारखेच राहणारे विश्व, या कसोटीला उतरत होते, महास्फोटातून निघून कायम प्रसरण पावणारे विश्व उतरत नव्हते. मराठी वाचक नारळीकरांना विज्ञानकथालेखक म्हणून ओळखतो, पण काळाच्या दिशेवरचे त्यांचे हे संशोधन त्या मानाने दुर्लक्षितच राहिले.

ओझरत्या धक्क्याची युक्ती १९९१ मध्ये पुन्हा उपयोगी पडली. वर्महोलमधून, म्हणजे अवकाश-काळातली दोन ठिकाणे जोडणाऱ्या कल्पित बोगद्यातून, भूतकाळात जाऊन स्वतःच्याच वाटेत आडवा येणारा बिलियर्डचा चेंडू किप थॉर्न आणि सहकाऱ्यांनी तपासला. चेंडू स्वतःला ओझरता लागून वर्महोलमध्ये शिरतोच, अशी सुसंगत उत्तरे मिळाली. अडचण एवढीच, की ती एक नव्हती, अगणित होती, आणि त्यांपैकी कोणते प्रत्यक्षात घडेल हे नियमांवरून ठरत नव्हते. पुढच्याच वर्षी स्टीफन हॉकिंग यांनी निसर्ग असे कालयंत्र मुळात होऊच देत नाही असे अनुमान मांडले, आणि ते अजून सिद्ध झालेले नाही.