पॉटर, डेनिस

(१७ मे १९३५ – ७ जून १९९४). ब्रिटिश दूरचित्रवाणी-नाटककार आणि पटकथाकार. कादंबऱ्या, रंगमंचीय नाटक, हॉलिवूडच्या पटकथा असे पुष्कळ काही त्याने लिहिले, तरी टीव्ही हेच त्याचे खरे माध्यम. ते त्याने समजून-उमजून निवडले होते. खाणीतला कामगार आणि ऑक्सफर्डचा प्राध्यापक एकाच रात्री एकच नाटक पाहतात, हे फक्त टीव्हीमुळे शक्य आहे, अशी त्याची धारणा होती.

हे दोन्ही जग त्याने आतून पाहिले होते. ग्लॉस्टरशरमधल्या फॉरेस्ट ऑफ डीन या कोळसापट्ट्यातील बेरी हिल येथे त्याचा जन्म झाला. वडील खाणकामगार, मुलगा शिष्यवृत्ती मिळवून ऑक्सफर्डच्या न्यू कॉलेजात गेला. १९६४ मध्ये मजूर पक्षातर्फे तो संसदेची निवडणूक लढला आणि पडला. वर्गांतराची ही घालमेल आणि प्रचाराचा आलेला वीट यांतून १९६५ मध्ये नायजेल बार्टन या पात्राविषयीची दोन नाटके झाली. त्यांतले राजकीय नाटक बीबीसीने ऐन प्रसारणाच्या दिवशी मागे घेतले आणि काही महिन्यांनी बदल करून दाखवले. ‘ब्रिमस्टोन अँड ट्रीकल’च्या वाट्याला याहून वाईट आले : १९७६ मध्ये चित्रित झालेले हे नाटक पडद्यावर यायला १९८७ उजाडले.

पंचविशीतच त्याला सोरायसिसजन्य संधिवाताने गाठले. कातडी सोलवटलेली, सांधे धरलेले, बोटे आखडलेली. तरी तो हातानेच लिहीत राहिला. ‘द सिंगिंग डिटेक्टिव्ह’ (१९८६, सहा भाग) या त्याच्या सर्वश्रेष्ठ मालिकेचा नायक (मायकेल गॅम्बन) हाच आजार घेऊन रुग्णालयात पडलेला रहस्यकथाकार आहे. त्याची स्वतःची रहस्यकथा, बालपणीचे जंगल आणि तापातले भास एकमेकांत मिसळत जातात. मोठे डॉक्टर फेरीला येतात, खाटेभोवती उभे राहून त्याच्या डोक्यावरून आपापसांत औषधांची नावे घेत राहतात, आणि एकाएकी तोच वॉर्ड नाइटक्लब होऊन सगळे ‘ड्राय बोन्स’ गाण्यावर नाचू लागतात. रुग्णाला माणूस न समजणाऱ्या वैद्यकावर याहून झोंबरी टीका टीव्हीवर क्वचितच झाली असेल.

जुन्या ध्वनिमुद्रिकांवर पात्रांनी ओठ हलवायचे, ही युक्ती त्याने ‘पेनीज फ्रॉम हेवन’ (१९७८) मध्ये रुजवली होती. पार्श्वगायनाला सरावलेल्या आपल्याकडच्या प्रेक्षकाला यात नवल वाटणार नाही. पण इथे आवाज पात्राचा आहे असे भासवायचेच नसते. १९३० च्या दशकात गाण्यांच्या छापील प्रती विकत फिरणारा नायक (बॉब हॉस्किन्स) कधी चक्क बाईच्या आवाजात गातो. गाण्यातले गोड जग आणि त्याचे भिकार आयुष्य यांतली फट त्यामुळे उघडी पडते. यावरच्या हॉलिवूडपटाच्या (१९८१) पटकथेला ऑस्कर नामांकन मिळाले. चित्रपट मात्र पडला. ‘ब्लू रिमेम्बर्ड हिल्स’ (१९७९) मध्ये त्याने सात वर्षांच्या मुलांच्या भूमिका प्रौढ नटांना दिल्या, आणि बालपण निष्पाप असते हा समज मोडीत काढला. स्वतः दिग्दर्शित केलेल्या ‘ब्लॅकआइज’ (१९८९) वर स्त्रीदेहाच्या चित्रणावरून टीकेची झोड उठली. ती सगळीच अन्याय्य नव्हती.

फेब्रुवारी १९९४ मध्ये स्वादुपिंडाच्या कर्करोगाचे निदान झाले. चॅनल ४ या ब्रिटिश वाहिनीवर मुलाखतकार मेल्व्हिन ब्रॅगबरोबर झालेल्या मुलाखतीत तो अधूनमधून मॉर्फिनचा घोट घेत बोलत राहिला. वृत्तपत्रसम्राट रूपर्ट मर्डॉकवरचा राग म्हणून गाठीचे नाव ‘रूपर्ट’ ठेवल्याचेही त्याने सांगितले. शेवटच्या दोन मालिका बीबीसी आणि चॅनल ४ या प्रतिस्पर्ध्यांनी मिळून दाखवाव्यात, ही मागणी त्याने तिथेच केली. ‘कॅरिओकी’ आणि ‘कोल्ड लॅझरस’ पुऱ्या करून तो गेला. पत्नी मार्गारेट त्याच्याआधी जेमतेम नऊ दिवस वारली होती. १९९६ मध्ये दोन्ही वाहिन्यांनी मागणी पाळली. या मालिका पसरट वाटतात. दुसरीत भविष्यकाळातल्या एका कंपनीला मृत लेखकाच्या गोठवलेल्या मेंदूतल्या आठवणी टीव्हीवर विकायच्या असतात.